एपिडॉरस: जिथे शत्रूच्या आईचं दुःख ऐकलं जातं

ग्रीस म्हटलं की तुमच्या डोळ्यांसमोर काय येतं? निळा समुद्र, सँटोरिनीची पांढरी घरं, अथेन्सच्या टेकडीवरचं पार्थेनॉन. बहुतेक सहलींच्या यादीत एवढंच असतं. पण अथेन्सपासून दोन-अडीच तासांच्या अंतरावर, पाइनच्या झाडांमध्ये एक जागा आहे, जिची आठवण फोटोंपेक्षा जास्त दिवस टिकते. तिचं नाव एपिडॉरस. इथे सुमारे २३०० वर्षांपूर्वी बांधलेलं दगडी नाट्यगृह आहे आणि गंमत म्हणजे ते अजून चालू आहे. जुलै-ऑगस्टमधल्या शुक्रवारी आणि शनिवारी रात्री तिथे आजही नाटकं होतात आणि त्यातली बरीचशी अडीच हजार वर्षं जुनी असतात.

या जागेबद्दल लिहायचं तर तिथे झालेल्या एका नाटकाबद्दलही लिहावं लागेल. त्याचं नाव 'द पर्शियन्स'. आज उपलब्ध असलेल्या ग्रीक नाटकांमधलं हे सर्वांत जुनं मानलं जातं. युद्ध आणि शोक हाच त्याचा विषय आहे, पण तो शोक कोणाचा, हे कळलं की आपण थबकतो.

तिथे जायचं कसं?

अथेन्सच्या किफिसोस बस स्थानकावरून पेलोपोनीज भागाकडे बस सुटतात. थोड्या वेळाने कॉरिंथचा कालवा लागतो. १८९३ मध्ये खुला झालेला हा साधारण सव्वासहा किलोमीटरचा कालवा खडक सरळ कापून काढला आहे. पुलावरून खाली पाहिलं की पोटात गोळा येतो. कालवा ओलांडला की संत्र्यांच्या आणि ऑलिव्हच्या बागा सुरू होतात.

मुक्कामासाठी नाफ्प्लिओ हे गाव उत्तम. स्वतंत्र ग्रीसची राजधानी अथेन्सला हलवली गेली ती १८३४ मध्ये. त्याआधी ती नाफ्प्लिओला होती. समुद्रकाठच्या अरुंद गल्ल्या, बोगनवेलीने भरलेल्या गॅलऱ्या आणि डोक्यावर पालामिडीचा किल्ला. या किल्ल्याला ९९९ पायऱ्या आहेत असं तिथले लोक सांगतात. गडकिल्ले चढायची सवय असलेल्यांना त्याचं फार काही वाटणार नाही! इथून एपिडॉरसचं नाट्यगृह तीसेक किलोमीटरवर आहे. वाटेत लिगुरिओ नावाचं छोटं गाव लागतं. नाटक संपल्यावर प्रेक्षक आणि कलाकार इथल्याच खानावळींमध्ये मध्यरात्री जेवायला येतात.

शाकाहारी मंडळींनी काळजी करू नये. भात भरून भाजलेले टोमॅटो आणि ढोबळी मिरच्या, मोठ्या पांढऱ्या घेवड्याची टोमॅटोतली भाजी, वर फेटा चीजचा तुकडा ठेवलेली काकडी-टोमॅटोची कोशिंबीर सगळीकडे मिळते. 'फावा' नावाचा पदार्थ तर मागवाच. पिवळ्या डाळीचं घट्ट वरण, वर कांदा आणि ऑलिव्हचं तेल. पहिल्या घासालाच घरची आठवण येते.

आधी दवाखाना, मग नाट्यगृह

एपिडॉरस हे मुळात नाटकाचं गाव नव्हतं. ते आजारी माणसांचं तीर्थक्षेत्र होतं. आस्क्लेपिओस हा ग्रीकांचा वैद्यकाचा देव. त्याच्या हातातली साप गुंडाळलेली काठी आजही वैद्यकीय क्षेत्राचं चिन्ह म्हणून तुम्ही पाहता. दूरदूरहून रोगी इथे यायचे, स्नान करायचे, देवाला नैवेद्य दाखवायचे आणि मग एका खास लांबट इमारतीत झोपायचे. झोपेत देव स्वप्नात येऊन बरं करतो किंवा उपाय सांगतो, अशी श्रद्धा होती. बरे झालेल्यांच्या कहाण्या दगडांवर कोरून ठेवल्या जात. त्यातले काही शिलालेख तिथल्या छोट्या संग्रहालयात आहेत. नवसाला पावणाऱ्या देवळाबाहेर आपल्याकडे जशा कहाण्या ऐकू येतात, तशाच त्या वाटतात.

अशा ठिकाणी इ.स.पूर्व चौथ्या शतकाच्या अखेरीस टेकडीच्या उतारावर हे नाट्यगृह बांधलं गेलं. देवाच्या उत्सवाचाच तो भाग होता. आधी ३४ ओळी होत्या, नंतर वर आणखी २१ जोडल्या. एकूण ५५ ओळींमध्ये तेरा-चौदा हजार माणसं बसू शकतात. पुढे शतकानुशतकं ते मातीखाली आणि झाडाझुडपांत दडून राहिलं. १८८१ मध्ये पानागिस कावाडियास या पुरातत्त्वज्ञाने उत्खनन सुरू केलं आणि ते पुन्हा उजेडात आलं. आधुनिक काळातलं पहिलं नाटक इथे १९३८ मध्ये झालं, सोफोक्लीसचं 'इलेक्ट्रा'. मग दुसरं महायुद्ध आणि ग्रीसचं यादवी युद्ध यांत बरीच वर्षं गेली. नियमित महोत्सव सुरू झाला तो १९५५ मध्ये आणि त्यासाठी नाटक निवडलं 'हेक्युबा'. युद्धात मुलं गमावलेल्या ट्रॉयच्या राणीची ती गोष्ट. नुकत्याच दोन युद्धांतून बाहेर पडलेल्या प्रेक्षकांसमोर ती कशी पोहोचली असेल, याची कल्पना करून बघा.

नाणं खरंच ऐकू येतं का?

आम्ही गेलो तो ऑक्टोबर महिना होता, नाटकांचा हंगाम संपलेला. मी आणि माझी मावसबहीण, दोघी नोकरीला लागल्यावर पैसे साठवून गेलो होतो. मधल्या गोल अंगणात, ज्याला ग्रीक लोक ऑर्केस्ट्रा म्हणतात, पर्यटकांचा खेळ चालू होता. हे अंगण साधारण २० मीटर रुंद आहे आणि त्याच्या बरोबर मध्यावर एक गोल दगड आहे. त्यावर उभं राहून कोणी टाळी वाजवत होतं, कोणी कागद फाडत होतं, कोणी नाणं टाकत होतं. इथे टाचणी पडली तरी शेवटच्या ओळीत ऐकू येते, असं गाइड सांगतात.

बहीण धापा टाकत सगळ्यात वर गेली. मी खालून कुजबुजले. तिने मान हलवली, काही नाही. मग जरा खणखणीत आवाजात विचारलं, "भूक लागली का गं?" ते मात्र तिला शब्दन् शब्द ऐकू आलं.

शास्त्रज्ञांनीही हेच तपासलं आहे. २००७ मध्ये अमेरिकेतल्या जॉर्जिया टेक या संस्थेतल्या संशोधकांनी सांगितलं, की चुनखडीच्या पायऱ्यांची रचना खालच्या पट्टीतला गोंगाट दाबते आणि माणसाच्या आवाजातला वरच्या पट्टीचा भाग पुढे जाऊ देते. २०१७ मध्ये नेदरलँड्समधल्या आइंडहोव्हनच्या संशोधकांनी प्रत्यक्ष मोजमापं घेतली. कुजबुज काही शेवटपर्यंत पोहोचत नाही, पण नटाने आवाज लावून बोललं तर वरच्या ओळींनाही शब्द कळतात, असं त्यांना आढळलं. म्हणजे चमत्कार नाही, पण उत्तम बांधकाम नक्कीच. माइक नसतानाच्या काळात हजारो लोकांना एका माणसाचं दुःख ऐकवायचं, तर अशीच जागा हवी.

जिंकणाऱ्यांनी लिहिलेली हरणाऱ्यांची गोष्ट

आता त्या नाटकाकडे येऊ. इ.स.पूर्व ४८० मध्ये पर्शियाचा सम्राट झर्क्सीस प्रचंड सैन्य घेऊन ग्रीसवर चालून आला. त्याने अथेन्स ताब्यात घेतलं, एक्रोपोलिसवरची मंदिरं जाळली. पण सलामिस बेटाजवळच्या अरुंद खाडीत ग्रीक आरमाराने त्याच्या जहाजांचा धुव्वा उडवला. पर्शियाला माघार घ्यावी लागली.

त्यानंतर अवघ्या आठ वर्षांनी, इ.स.पूर्व ४७२ मध्ये, एस्किलस या अथेन्सच्या नाटककाराने 'द पर्शियन्स' रंगमंचावर आणलं. एस्किलस स्वतः सैनिक होता. मॅरेथॉनच्या लढाईत तो लढला होता आणि त्याच लढाईत त्याचा सख्खा भाऊ मारला गेला होता. ज्या टेकडीवरची मंदिरं शत्रूने जाळली, तिच्याच उतारावर हे नाटक झालं. समोर बसलेल्यांपैकी कित्येकांनी सलामिसला वल्ही मारली असणार.

अशा माणसाने अशा प्रेक्षकांसाठी काय लिहावं अशी तुमची अपेक्षा असेल? विजयाचा पोवाडा? पण एस्किलसने नाटक नेऊन ठेवलं शत्रूच्या राजधानीत, सुसा शहरात. तिथे म्हातारे दरबारी बातमीची वाट बघताहेत. शहरात तरुण माणूस उरलेला नाही. राजमाता अटोसा येते, तिला वाईट स्वप्न पडलं आहे. मग जासूद पोहोचतो आणि सांगतो, सगळं संपलं. तो मेलेल्या पर्शियन सरदारांची नावं एकामागून एक घेतो. ग्रीकांचा विजय आपल्याला कळतो तो असा, हरलेल्याच्या तोंडून. आणि अख्ख्या नाटकात एकाही ग्रीक वीराचं नाव घेतलेलं नाही. नावं आहेत ती फक्त शत्रूच्या मेलेल्या माणसांची.

पुढे अटोसा आपल्या मेलेल्या नवऱ्याला, सम्राट डरायसला, आवाहन करते. त्याचा आत्मा थडग्यातून उठतो आणि मुलाच्या उन्मत्तपणाला दोष देतो. समुद्रावर पूल बांधून त्याला बेड्या घालू पाहणाऱ्याचं असंच व्हायचं, असं त्याचं म्हणणं. जाताना तो बायकोला एक साधी गोष्ट सांगतो: पोरगा फाटक्या कपड्यांत येतोय, त्याच्यासाठी चांगले कपडे घेऊन जा, त्याला समजावून घे. अटोसा कपडे आणायला आत जाते. शेवटी झर्क्सीस येतो, लक्तरं झालेली, भाता रिकामा. दरबारी त्याला विचारतात, अमका कुठे आहे, तमका कुठे आहे? उत्तर एकच. मग सगळे छाती पिटत शोक करतात आणि नाटक संपतं. आई आणि मुलाची भेट आपल्याला दाखवलेलीच नाही.

या नाटकाला अथेन्सने पहिलं बक्षीस दिलं. त्याची निर्मिती करणारा तरुण होता पेरिक्लीस, पुढे अथेन्सचा सर्वांत मोठा नेता झालेला. याच्या उलट एक किस्सा हिरोडोटस सांगतो. त्याआधी काही वर्षं फ्रिनिकस नावाच्या नाटककाराने मिलेटस या मित्रशहराच्या पाडावावर नाटक केलं होतं. प्रेक्षागृह ढसाढसा रडलं आणि आपल्याच जखमेची आठवण करून दिली म्हणून अथेन्सने त्याला १००० द्राख्मांचा दंड केला! म्हणजे आपल्या माणसांचं दुःख रंगमंचावर सोसवलं नाही, पण शत्रूचं दुःख मात्र त्यांनी बसून ऐकलं. काही अभ्यासक म्हणतात, की यात विजयाचा आनंदही होताच. शत्रू कसा रडतोय ते बघायला कोणाला आवडत नाही? असेलही. मला वाटतं, एकाच प्रेक्षागृहात दोन्ही प्रकारचे लोक बसले असतील. कदाचित एकाच माणसाच्या मनातही दोन्ही असेल.

२५ जुलै २०२०

सलामिसच्या लढाईला २५०० वर्षं झाली म्हणून ग्रीसच्या राष्ट्रीय नाट्यसंस्थेने २०२० मध्ये 'द पर्शियन्स' एपिडॉरसला करायचं ठरवलं. त्याच वर्षी कोविड आला. प्रेक्षकसंख्या मर्यादित ठेवून, अंतर सोडून बसवून नाटक झालं आणि २५ जुलैचा प्रयोग इंटरनेटवरून जगभर थेट दाखवला गेला. एपिडॉरसच्या इतिहासात अशा थेट प्रक्षेपणाची ती पहिलीच वेळ. अटोसाच्या भूमिकेत होत्या ग्रीक रंगभूमीवरच्या ज्येष्ठ अभिनेत्री लिडिया कोनिओर्दू. एस्किलसच्या काळात ही भूमिका अर्थातच पुरुषाने मुखवटा घालून केली असणार. बालगंधर्वांची परंपरा सांगणाऱ्या आपल्याला त्याचं नवल वाटायला नको.

तेव्हा मी कॉलेजात होते. आम्ही इंदूरचे. लॉकडाउनमुळे घरीच अडकलेलो. इंग्रजी साहित्याच्या अभ्यासक्रमात ग्रीक शोकांतिका होत्या, म्हणून मी रात्री उशिरा लॅपटॉप घेऊन बसले. आजीला झोप येत नव्हती, ती शेजारी येऊन बसली. आजीचं माहेर साताऱ्याकडचं. तिचा धाकटा भाऊ फौजेत होता, १९७१ च्या लढाईतून तो परत आला नाही. घरात त्याचा एक फोटो आहे, पण त्याच्याबद्दल ती फारसं बोलत नाही.

ग्रीक तिला कळत नव्हतं आणि खालची इंग्रजी अक्षरंही वाचता येत नव्हती. तरी ती बघत होती. म्हातारे दरबारी शोक करू लागले तेव्हा म्हणाली, "कोण गेलंय गं त्यांचं?"

मी गोष्ट सांगितली. हे हरलेले लोक आहेत आजी, आणि नाटक लिहिलंय जिंकलेल्यांनी. त्यावर ती काही बोलली नाही. थोड्या वेळाने विचारलं, "आणि त्या बाईचा पोरगा?"

"येतो परत. फाटक्या कपड्यांत. सगळं सैन्य घालवून."

"आला ना पण," आजी म्हणाली. मग उठून पाणी प्यायला गेली.

वर्गात मी या नाटकावर उन्मत्तपणा, दैव, लोकशाही विरुद्ध राजेशाही असं बरंच लिहिलं होतं. अटोसा कपडे आणायला का जाते, याकडे मात्र माझं लक्ष गेलं नव्हतं. त्या रात्री गेलं. सम्राट हरला, की राज्य बुडालं, हे दरबाऱ्यांचं दुःख. आईला दिसतात ते पोराच्या अंगावरचे कपडे. आणि ज्या आयांची मुलं त्या यादीतली नुसती नावं होऊन परतली, त्यांच्यासाठी अटोसासुद्धा नशीबवानच.

हेच नाटक पुन्हा पुन्हा का?

'द पर्शियन्स' जगात अनेकदा नव्याने झालं आहे. बहुतेक वेळा मागे कुठलं तरी ताजं युद्ध असतं. १९९३ मध्ये अमेरिकन दिग्दर्शक पीटर सेलर्स यांनी ते आखाती युद्धानंतरच्या बगदादमध्ये नेलं. अमेरिकेतले काही प्रेक्षक मध्येच उठून गेले. आपलं सैन्य नुकतंच जिंकून आलेलं असताना पलीकडच्या घरातलं रडणं ऐकायला त्यांना बोलावलं होतं आणि ते सोपं नव्हतं. २०१० मध्ये नॅशनल थिएटर वेल्सने हे नाटक थेट लष्कराच्या सराव क्षेत्रात केलं. सैनिकांना लढाईचं शिक्षण देण्यासाठी उभारलेल्या खोट्या गावात, जिथल्या घरांत कधीच कोणी राहत नाही.

आपल्याला ही भावना अनोळखी नाही. महाभारतात युद्ध संपल्यावर स्त्रीपर्व येतं. गांधारी आणि इतर बायका रणांगणावर आपापल्या माणसांची प्रेतं शोधत फिरतात. धर्मवीर भारतींचं 'अंधा युग' तिथूनच उगवलं आणि १९६३ मध्ये इब्राहिम अल्काझींनी ते दिल्लीच्या फिरोजशाह कोटल्याच्या भग्न भिंतींसमोर केलं. जुनी जागा, जुनी गोष्ट आणि नुकतंच होऊन गेलेलं युद्ध, हे गणित तिथेही होतं. फरक एवढाच, की कुरुक्षेत्रावर दोन्हीकडे भाऊबंदच होते. एस्किलसने ज्यांचा शोक मांडला ते त्याचे कोणीच नव्हते. त्यांची भाषा वेगळी, देव वेगळे, आणि त्याच्या भावाचा जीव त्यांनीच घेतला होता.

नाटक बघायला जाणार असाल तर

ग्रीससाठी शेंगेन व्हिसा लागतो, उन्हाळ्यात अर्जांची गर्दी असते, म्हणून तयारी लवकर सुरू करा. महोत्सवाची तिकिटं ऑनलाइन मिळतात. वरच्या ओळींची तिकिटं स्वस्त असतात आणि तिथून मागची टेकडी, झाडं आणि आकाश छान दिसतं. नाटकाच्या दिवशी अथेन्सहून खास बस सुटतात आणि नाटक संपल्यावर परतही आणतात, पण घरच्या मोठ्या माणसांना घेऊन जात असाल तर नाफ्प्लिओला मुक्काम केलेला बरा.

उंच टाचांच्या चपला घालू नका, दगडाला इजा होते म्हणून त्यांना मनाई आहे. पायऱ्या उंच आहेत आणि दगड कडक, तेव्हा बसायला छोटी उशी न्या. पाण्याची बाटली आणि एक पातळ शालही असू द्या. नाटक ग्रीकमध्ये असतं, पण बहुतेक प्रयोगांना इंग्रजी भाषांतराची पाटी असते. गोष्ट आधी वाचून गेलात तर पाटीकडे बघायची गरज कमी पडेल. दिवसा थोडं आधी पोहोचून देवळाचे अवशेष आणि संग्रहालय बघा, कारण रात्री ते दिसत नाही.

आणि जाणं जमलं नाही तरी हरकत नाही. 'द पर्शियन्स' वाचायला तास-दीड तास पुरतो. घरातल्या कोणाला तरी मोठ्याने वाचून दाखवा, विशेषतः ती नावांची यादी. परकी, जीभ अडखळवणारी नावं आहेत. वाचताना कंटाळा येईल, एखादं गाळावंसं वाटेल. गाळू नका. एस्किलसने त्यांतलं एकेक नाव नटाच्या तोंडून उच्चारून घेतलं होतं, ज्यांनी त्या माणसांना बुडताना पाहिलं होतं त्यांच्यासमोर.